अर्ध्यावर ओढलेलं शटर

मित्रांनो, मी एक जुनं लोखंडी शटर आहे. आग्रा रोडनं नाशिकहून ओझरकडे निघालात, की आडगावच्या अलीकडे झेंडूचा एक पट्टा लागतो. त्या पट्ट्याच्या तोंडाशी एकच एक गाळा उभा आहे. त्याचं दार म्हणजे मी. माझा मूळ रंग निळा होता, हे आता सांगावं लागतं. खालची पट्टी गंजलीय, स्प्रिंग ढिली झालीय आणि कुणी ओढलं की मी साऱ्या वस्तीला ऐकू जाईल इतका कुरकुरतो.

शटरच्या गोष्टीत असून असून काय असणार, वर जातं आणि खाली येतं, असं तुम्ही म्हणाल. म्हणा. पण मी एका घराचं भलंबुरं फार जवळून पाहिलंय. ते पोटात घेऊन भंगारात जाणं माझ्या जिवावर येतं, म्हणून बोलतोय.

माझा जन्म अंबडच्या एका कारखान्यातला. पत्र्याच्या पट्ट्या एकीत एक ओवून मला विणलं, पोटात स्प्रिंग घातली आणि टेम्पोत आडवं टाकून इकडं आणलं. तेव्हा नव्वदचं दशक नुकतंच सुरू झालं होतं. रस्त्याला गाड्या वाढल्या होत्या. रस्त्याकडेला ज्यांची शेतं होती, ते एकेक गाळा बांधायला लागले होते. फकिरा नानांनीही बांधला. नाना म्हणजे झेंडू, शेवंती, मेथी, कोथिंबीर पिकवणारा सरळ माणूस. उजाडायच्या आत फुलांच्या पाट्या घेऊन फुलबाजारात जायचे, दुपारी येऊन वाफ्यात बसायचे. अंगात पांढरी बंडी, डोक्याला टोपी आणि तोंडात कायम एखादी म्हण.

मला बसवलं त्या दिवशी नानांच्या बायकोनं, ठमाबाईंनी, मला कुंकू लावलं. शटरला कुंकू लावताना तुम्ही कुणाला पाहिलंय? मी तरी नंतर कधी पाहिलं नाही. त्या दिवशी मी इतका फुगलो, की पहिल्यांदा वर जाताना मध्येच अडकलो. सगळे हसले.

पहिला भाडेकरू गेणू सायकलवाला. त्याच्या राज्यात माझे दिवस सोन्याचे गेले. सकाळी तो मला पार वरपर्यंत ढकलायचा आणि मग दिवसभर ऊन, वारा, पोरंसोरं, गिऱ्हाईक, कुत्री, सगळ्यांना गाळा मोकळा. मी ज्यात वर-खाली सरकतो, त्या कडेच्या पन्हाळीत तो न सांगता ग्रीस भरायचा. नाना दुपारी पायरीवर येऊन बसायचे, गेणूचा चहा प्यायचे, पण आत पाऊल ठेवायचे नाहीत.

"नाना, या की आत. खुर्ची टाकलीय," गेणू म्हणायचा.

"नको रं बाबा. जागा दिली म्हंजी लेक दिली. दिल्या घरात बापानं डोकावू नाय."

हे नुसतं बोलणं नव्हतं. नानांची एकुलती एक लेक सुवर्णा ओझरजवळच्या एका द्राक्षबागायतदाराच्या घरी दिली होती. जावई ललित विमानाच्या कारखान्यात कामाला आणि घरची बाग. नाना भाजीची पिशवी घेऊन जायचे, ती ओट्यावर ठेवायचे, "बरी हाय ना गं?" असं अंगणातूनच विचारायचे आणि आल्या पावली परत फिरायचे. लेकीला मूल होईपर्यंत तिच्या सासरचं पाणीसुद्धा प्यायचं नाही, ही त्यांच्याकडची जुनी रीत. बाकीच्यांनी ती कधीच गुंडाळून ठेवली होती. नानांनी धरून ठेवली. बाप असावा तर असा, असं लोक म्हणायचे. मलाही तेव्हा तसंच वाटायचं.

पुढं सायकली कमी झाल्या, गेणूचे गुडघे गेले आणि तो गाळा सोडून गावी गेला. जाताना त्यानं माझ्यावर हात फिरवला. तो हात मला अजून आठवतो.

मग शेखर आला.

शेखरचा शर्ट परीटघडीचा, बोलणं गुळाचं. आल्या आल्या तो नानांच्या पाया पडला, मग ठमाबाईंच्या. "नाना, शेतीच्या औषधांचा माल ठेवायला जागा हवीय. तुमच्यासारखा मालक मिळाला तर आणखी काय पाहिजे?" नाना विरघळले. नारळ फुटला, शब्द दिला गेला, झालं.

ठमाबाई हळूच म्हणाल्या, "कागद करायचा का काही? गाव कोणतं, घर कोणतं, काय म्हाईत नाय आपल्याला."

"लेक देताना कागद करतो का आपण?"

"लग्नाच्या याद्या करतो की, देण्याघेण्याच्या," ठमाबाई म्हणाल्या.

नाना खळखळून हसले. बाईनं लाख मोलाची गोष्ट सांगितली होती, पण हसण्यावारी गेली. मित्रांनो, त्या हसण्याची किंमत मला पुढं फार दिवस दिसत राहिली.

शेखर मला कधीच पूर्ण उघडायचा नाही. सकाळी यायचा, मला मांडीइतकं वर उचलायचा आणि वाकून आत शिरायचा. दिवसभर मी तसाच, धड उघडा नाही, धड बंद नाही. अर्ध्यावर लोंबकळणं शटरला फार वाईट, स्प्रिंगवर ओझं येतं. पण माझ्या स्प्रिंगचं कुणाला काय पडलंय? आतून उग्र वास यायचा. मागच्या भिंतीतून एक पाइप बाहेर काढला होता, त्याखालचा झेंडू आधी पिवळा पडला, मग बसला. नानांनी तेवढा वाफा सोडून दिला आणि पलीकडे नवीन रोपं लावली. कुणाला काही विचारलं नाही.

एकदा ठमाबाई पायरीवर मेथीच्या जुड्या बांधत बसल्या होत्या. टेम्पो आला. त्यातून गोण्या उतरल्या, गोण्यांत बाटल्या खुळखुळत होत्या. संध्याकाळी दुसरा टेम्पो आला आणि बंद खोकी घेऊन गेला. ठमाबाईंनी ते दोन-तीनदा पाहिलं आणि नाना फुलबाजारातून आल्यावर त्यांना गाठलं.

"अवो, दुकानात भरल्या बाटल्या येत्यात आन् रिकाम्या जात्यात. इथं उलटं चाललंय. रिकाम्या येत्यात, भरून जात्यात."

नाना टोपी काढून डोकं खाजवत उभे राहिले. माझ्याकडं पाहिलं. माझ्या खालून एक हात घातला असता आणि वर उचललं असतं, तर झालं असतं. मी तर वाटच बघत होतो. त्यांनी टोपी घातली आणि म्हणाले, "आपल्याला काय करायचंय? दिलं ते दिलं. वाकून बघायचं काम आपलं नव्हं."

आणि वाफ्याकडे निघून गेले.

त्या वर्षी दिवाळीच्या सुमाराला आभाळ भरून आलं ते हलेना. द्राक्षबागा नुकत्याच छाटून फुटल्या होत्या आणि असल्या हवेत वेलीवर डावणी रोग झपाट्यानं पसरतो. सुवर्णा दिवाळीला माहेरी आली होती, पण तिचं चित्त बागेत. ओझरला औषध मिळत नाही, म्हणून ती हवालदिल झाली होती. नानांचा चेहरा खुलला. लेकीच्या कामी येण्याची संधी बापाला रोज मिळते थोडीच!

ते माझ्यासमोर येऊन उभे राहिले आणि बाहेरूनच हाक मारली. शेखर वाकून बाहेर आला.

"शेखरभाऊ, माझ्या लेकीच्या बागेला एक चांगलं औषध दे रं. लय ढगाळ हाय."

शेखरचा चेहरा उतरला. "नाना, इथला माल जरा साधा आहे. मी शहरातून आणून देतो ना तुम्हाला."

"शहरातनं कशाला? तुझा माल समदा तालुका नेतो. हाच दे. तुझ्या हातचा."

शेखर आत गेला. मी त्याला पाठमोरा पाहत होतो. त्यानं एक खोकं उचललं, खाली ठेवलं, पुन्हा उचललं. एक बाटली काढून फडक्यानं पुसत राहिला. पुसण्यासारखं तिच्यावर काही नव्हतं. खरं बोलला असता तर धंदा गेला असता. अखेर त्यानं ते खोकं बाहेर आणून नानांच्या हातात दिलं आणि म्हणाला, "घरचंच समजा." नानांनी ते लेकीच्या पिशवीत स्वतःच्या हातानं ठेवलं.

पुढचं तुम्ही ओळखलं असेल. बागेवर फवारा झाला आणि डावणी तशीच राहिली. पानं गेली, मग कोवळे घड गेले. सुवर्णाच्या सासऱ्यांनी बाग लेकरासारखी वाढवली होती. ते बांधावर बसून राहिले. ललित चिडून बाटली घेऊन तिच्यावर नाव असलेल्या कंपनीच्या माणसांकडं गेला. त्यांनी झाकण पाहिलं, चिठ्ठी पाहिली, आतलं पाणी तपासलं आणि सांगितलं, "हे आमचं नाही. यात रंग आहे आणि खडूची भुकटी आहे. कुठून आणलंत?"

ललितनं नानांचं नाव घेतलं नाही. कंपनीनं पोलिसांत तक्रार केली. पोलिसांनी सुवर्णाला विचारलं. तिनं क्षणभर पदर तोंडाशी धरला आणि मग सांगितलं, "माझ्या वडलांनी दिलं."

पोलीस आले तोवर शेखर पसार झाला होता. साहेबांनी मला एका झटक्यात पार वरपर्यंत ढकललं. गेणू गेल्यापासून पहिल्यांदाच मागच्या भिंतीवर ऊन पडलं. आत रंगाची पिंपं, पोत्यांत भुकटी, कंपन्यांच्या चिठ्ठ्यांचे गठ्ठे, झाकणं दाबायचं यंत्र आणि कोपऱ्यात रिकाम्या बाटल्यांचा ढीग. माझ्याच पोटात हे सगळं होतं, तरी त्या उजेडात पाहताना मला शरम वाटली.

"आत या, मालक," साहेब म्हणाले.

नाना पायरीवरच थबकले. "साहेब, दिलेली जागा हाय..."

"कुणाला दिली? कागद दाखवा."

कागद नव्हता.

"शेखर कुठला? आडनाव काय? गाव कोणतं?"

तो आपल्या पाया पडला होता, यापलीकडं नानांना त्याची काही माहिती नव्हती.

"भाडेकरू ठेवल्याचं ठाण्यात कळवलं होतं?"

"असं कळवायचं असतंय?" नानांनी इतक्या भोळेपणानं विचारलं, की मागचा शिपाई हसला. साहेब हसले नाहीत. जागा नानांची, विजेचं बिल नानांच्या नावाचं, बाटली नानांनी दिलेली. साऱ्या कागदांवर गाळ्यात माणूस एकच होता, फकिरा. त्यांना गाडीत बसवलं. ठमाबाई गाडीमागं चार पावलं धावल्या आणि वाफ्याच्या कडेला मटकन बसल्या. मला खाली ओढून, कुलूप घालून वर लाखेचं सील ठोकलं.

जामीन होऊन नाना घरी आले. पण बाहेर आले म्हणजे सुटले असं नव्हतं. खटला उभा राहिला. ज्यांच्या बागा त्या औषधानं गेल्या होत्या, ते एकदा जीप करून आले. नाना हात जोडून समोर उभे होते. म्हाताऱ्यावर हात कसा टाकायचा, म्हणून त्या लोकांनी दगड माझ्यावर टाकले. माझ्या अंगावरचे हे पोचे तेव्हाचे. मला त्यांचा राग आला नाही.

नानांच्या वकील प्रतिभाताई जागा पाहायला आल्या. पायरीवर बसून त्यांनी नीट समजावलं. "नाना, भाडेकरूनं गुन्हा केला म्हणून मालक आपोआप गुन्हेगार होत नाही. ठाण्यात कळवलं नाही, तो वेगळा ठपका, त्याचं आपण बघू. पण आत काय चाललंय हे माहीत असून तुम्ही चालू दिलं, असं ठरलं तर तुरुंग आहे. सगळा खटला या एका गोष्टीवर आहे. मला खरं सांगा, कुणी कधी तुमच्या कानावर काही घातलं होतं?"

नानांनी तोंड उघडलं.

"नाय ताई," ठमाबाई मध्येच म्हणाल्या. "कुणीच काय बोललं नाय."

जन्मात कधी खोटं न बोललेली ती बाई. बोलताना त्यांनी माझ्याकडं पाहिलं, जणू साक्षीदार मीच होतो. होतोच. नानांनी मान खाली घातली ती प्रतिभाताई जाईपर्यंत वर केली नाही.

खटला वर्षानुवर्षं चालला. दोन हजार साल उलटून गेलं, रस्ता रुंद झाला, लोकांच्या हातात मोबाइल आले आणि नाना तारखेला जात राहिले. सुवर्णानं साक्ष दिली, जे होतं तेवढंच सांगितलं. मूल नव्हतं तोवर नाना पूर्वीसारखेच ओट्यावर पिशवी ठेवून परतत. मधल्या काळात तिला सासरीच मुलगी झाली, बाळंतपणाला माहेरी धाडलं नाही. म्हणजे आता नानांना तिच्या घरचं पाणी चालत होतं. पण आता ते आणि ठमाबाई शरमेनं जाईनात. आधी रीत आडवी होती, मग लाज आडवी आली. भाजीची पिशवी नाना ओझरच्या बसमध्ये कुणाच्या तरी हाती द्यायचे आणि परत यायचे.

अखेर निकाल लागला. नानांना आतला धंदा माहीत होता असं सिद्ध झालं नाही. ठाण्याला न कळवल्याचा दंड झाला, बाकी निर्दोष. कुणीतरी पेढे आणले. नानांनी ते हातात धरून ठेवले, तोंडात घातले नाहीत.

सील काढलं त्या दिवशी सुवर्णा मुलीला घेऊन आली होती. लाख फुटली, पण मी गंजून बसलो होतो. नानांनी आणि तिनं मिळून जोर लावला तेव्हा मी अर्ध्यावर आलो आणि अडकलो. दोघंही दमून पायरीवर बसली.

"नाना," ती म्हणाली, "आईनं सांगितलं होतं ना, बाटल्या रिकाम्या येत्यात म्हणून?"

नानांनी टोपी काढून गुडघ्यावर ठेवली. मग म्हणाले, "व्हय."

"मग एकदा शटर उचलून का नाय बघितलं?"

"दिलेली जागा, पोरी. मला वाटलं, बघणं म्हंजी संशय घेणं. मान राखला मी."

"कोर्टानं इचारलं, तुमाला म्हाईत होतं का. मी ते नाय इचारत. म्हाईत करून का नाय घेतलं, ते सांगा."

आणि मग ती जे बोलली, ते मी मरेपर्यंत विसरणार नाही. आवाज चढवला नाही, रडली नाही.

"माझ्या घरीबी तुमी असंच केलं, नाना. अंगणातनं इचारलं, बरी हाय ना. अंगणात मी काय सांगणार? आत येऊन बघितलं असतं तर दिसलं असतं."

एवढं बोलून ती उठली, मुलीचं बोट धरलं आणि बसला निघून गेली.

दुसऱ्या दिवशी नाना पहिल्या बसनं ओझरला गेले. दुपार टळल्यावर परतले. ठमाबाई माझ्या सावलीत फुलं निवडत होत्या. नाना त्यांच्याशेजारी जमिनीवरच बसले.

"पाणी पिलो गं तिच्या घरचं," ते म्हणाले.

"बरं केलं. कशी हाय पोर?"

"तिचं घर... घरात नाय ती. बागेतल्या शेडमधी चूल हाय तिची. माल भरायच्या पत्र्याच्या शेडमधी. बाग गेली त्या वर्षापासनं. बापानं बाग मारली, तिची भाकर आमच्या चुलीवर नको, म्हणाले तिचे सासरे. जावई तिच्यासंगट शेडमधीच ऱ्हातो, म्हणून निभावलं. आपली नात तिथंच झाली, ठमे. पत्र्याखाली." मग थांबून म्हणाले, "आधी मी ओट्यावर पिशवी ठिवून परत येत व्हतो, मग बसमधी द्यायला लागलो. शेड ओट्यावरनं दिसत नाय."

ठमाबाईंच्या हातातली फुलं मांडीवर पडली. नाना पोरासारखे रडले. कोर्टानं सोडलं तेव्हा रडले नव्हते, गाडीत घातलं तेव्हाही नव्हते.

नंतर नानांनी ललितच्या वडिलांपुढं जाऊन डोक्यावरची टोपी काढून ठेवली, माफी मागितली. दोन म्हातारे काय बोलले, मला कळलं नाही. सुवर्णाची चूल मात्र शेडमध्येच राहिली. तीच म्हणाली, आता सवय झाली. काही गोष्टी वेळेवर केल्या नाहीत की नंतर करून भागत नाही, हे मला त्यावरून कळलं.

गाळा नानांनी पुन्हा भाड्यानं दिलाय, पंक्चरवाल्या निवृत्तीला. या वेळी कागद झाला, ठाण्यात खबर गेली, त्याच्या गावी जाऊन घरही पाहून आले. आणि आठवड्यातून एकदा नाना पायरी चढून सरळ आत येतात. खुर्चीवर बसतात, भिंती पाहतात, चहा घेतात. पहिल्यांदा आले तेव्हा उंबऱ्याशी थबकले, निवृत्तीनं हात दिला तेव्हा आत आले. शनिवारी ते ओझरला जातात, शेडमध्ये लेकीच्या चुलीजवळ बसतात आणि तांब्याभर पाणी पिऊन येतात.

मित्रांनो, माझ्यासारख्या जुन्या शटरला तुमच्याकडून फार काही नको. पन्हाळीत ग्रीस घाला, अर्ध्यावर लोंबकळत ठेवू नका, एवढं पुष्कळ झालं. पण तुम्ही मोठे व्हाल, कुणाला घर द्याल, गाळा द्याल, आपलं माणूस द्याल. दिलं म्हणून डोळे मिटून घेऊ नका. हक्क सांगायला जाऊ नका, पाळत ठेवायला जाऊ नका. दार वाजवा, आत या म्हटलं की आत जा, बसा आणि पाणी मागा. नानांनी हे वेळेवर केलं असतं, तर त्यांची नात घरात जन्मली असती.